ओठ हलले की

टीव्हीतून नीवेसचा आवाज आला, तशी नीवेसने मान भिंतीकडे फिरवली.

एर्सिलियोने घाईघाईने टीव्हीचा आवाज बंद केला. जुन्या सिनेमाची डिस्क लावली तर बायको खुश होईल, असं त्याला वाटलं होतं. मेंदूचा झटका येऊन तीन महिने झाले, तेव्हापासून तिच्या तोंडून एक शब्द फुटला नव्हता. जिने चाळीस वर्षं रोममध्ये बसून पडद्यावरच्या नायिकांना आपला आवाज दिला, तिला तिचाच तरणा आवाज ऐकवायचा! आपल्याला अक्कल कधी येणार, असं तो मनाशी म्हणाला.

चित्र मात्र चालूच होतं. गच्चीवर देखणा नायक सॅक्सोफोन घेऊन उभा होता. दुसऱ्याचं मूल कडेवर घ्यावं तसा त्याने तो धरला होता. वाजवला होता एर्सिलियोने, स्टुडिओत, मुक्या पडद्यावरच्या त्या बोटांवर नजर ठेवून. आयुष्यभर त्याने हेच केलं. सिनेमे, मालिका, शनिवारचे टीव्हीवरचे नाचगाण्याचे कार्यक्रम. नाव कुठेच झळकलं नाही. त्याचं त्याला फारसं वाईटही वाटत नसे. याच सिनेमात नायिकेला आवाज द्यायला नीवेस आली होती, तेवढं त्याला पुरलं.

खालच्या मजल्यावरची लोरेदाना सूप घेऊन आली. टीव्ही बिघडला का, म्हणून तिने विचारलं. तो नाही म्हणाला.

"मग मुका सिनेमा काय बघताय, माएस्त्रो? घरात एक मुकं आहे ते कमी आहे का?"

बोलून गेल्यावर तिने जीभ चावली. पातेलं ठेवलं आणि निघून गेली.

एर्सिलियोला ते फार लागलं. काहीतरी करायचं म्हणून त्याने कपाटातून सॅक्सोफोन काढला, तोंडाशी बसणारी वेताची पट्टी, रीड, ओली केली, डिस्क मागे घेतली आणि सवयीने पडद्यावरच्या बोटांबरोबर वाजवायला लागला. दम पुरत नव्हता. वरचे सूर फाटत होते. पण नीवेसची मान हळूच वळली. ती त्याच्याकडे बघत नव्हती. कामावर असताना बघायची तशी पडद्याकडे बघत होती.

नायिका गच्चीवर आली. एर्सिलियो थांबला, इथे तिचं वाक्य होतं. तिचे ओठ हलले.

"वाजवतच... बसणार," नीवेसच्या खुर्चीतून जड, अडखळता आवाज आला, "की जेवायला... येणार?"

यावर नायक सॅक्सोफोननेच उत्तर देतो. पडद्यावर त्याची बोटं हलू लागली. खोलीत मात्र काहीच वाजलं नाही. एर्सिलियो तोंडाशी वाद्य धरून नुसता रडत उभा होता.

नीवेसने कपाळाला आठ्या घातल्या.

"चुकलास," ती म्हणाली. "परत घे."