रविवारचं भाकीत

"सर, तुमच्या भाकितांची आणि खऱ्या जगाची कधी गाठ पडली आहे का हो?" भावनानं विचारलं, आणि सभागृह हसलं.

ताराचंद सर हसले नाहीत. त्यांनी समोरचा पाण्याचा ग्लास उगीच इकडचा तिकडे केला. नागपूरला वर्षानुवर्षं जगाचं राजकारण समजावून सांगणारा हा माणूस आज आपल्याच शहरात, भरल्या सभागृहात, एका तरुण लेखिकेकडून सोलला जात होता. चर्चेचा विषय होता, समुद्रापलीकडच्या दोन देशांत युद्ध पेटेल का? भावना मात्र सरांची एकेक जुनी चूक काढत होती आणि लोकांपुढे ठेवत होती. तिला घाई नव्हती. प्रीतमचं नाव तिनं शेवटासाठी राखून ठेवलं होतं.

प्रीतम तिचा धाकटा भाऊ. काही वर्षांपूर्वी परदेशात डॉक्टरकी शिकायला गेला होता. तिथल्या सीमेवर रणगाडे जमू लागले तेव्हा त्यानं फोन करून विचारलं होतं, परत येऊ का? नागपूरच्या नंदनवन वस्तीतल्या त्यांच्या घरात दर रविवारी पेपरातला सरांचा लेख मोठ्यानं वाचला जायचा. त्या रविवारचं वाक्य अगदी ठाम होतं : युद्ध होणार नाही. बाबा फोनवर म्हणाले, "नको घाबरू गा. तिथंच राय. सर सांगून राहिले ना!"

त्याच आठवड्यात वसतिगृहावर बॉम्ब पडला. पुढच्या रविवारी सरांनी लिहिलं, 'घटनांनी अनपेक्षित वळण घेतले.' बस, एवढंच. त्या वळणावर प्रीतम गेला होता. बाबांनी पुन्हा कधी पेपर उघडला नाही.

भावना संख्याशास्त्राची पदवीधर. मिहानमधल्या कंपनीतली नोकरी सोडून ती सरांच्याच विषयात उतरली. नकाशे शिकली, तेलाचे भाव शिकली, दोन परक्या भाषा शिकली. सर जिथं चुकतील तिथं आपण बरोबर ठरायचं, यावर तिनं नाव कमावलं. लोक त्याला व्यासंग म्हणत. ती त्याला काय म्हणते, हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं.

प्रश्नोत्तरं सुरू झाली. तिसऱ्या रांगेतली एक बाई पदर सावरत उठली.

"मी सावनेरची हाव जी. माहा अंकित तिकडंच कामाले आहे. रोज विचारून राहिला, येऊ का म्हणून. नोकरी लय मुश्किलीनं लागली त्याची. सर, काय सांगू त्याले?"



"मले माहीत नाही, बाई," सर म्हणाले. व्यासपीठावर त्यांनी कधीच येऊ न दिलेली घरची बोली आज तोंडातून निसटली. "कोणालेच माहीत नसते. मी एकदा ठासून सांगितलं होतं. आता नाही सांगत."

"मंग स्टेजवर काहून बसले?" मागून कुणीतरी ओरडलं. हशा पिकला. "भावनाताई, तुम्ही सांगा!"

भावना तो हशा कान देऊन ऐकत राहिली. इतक्या वर्षांत काहीच तिला इतकं गोड लागलं नव्हतं.

खरं उत्तर तिला ठाऊक होतं. तिचं गणित सांगत होतं की शक्यता कमी आहे, पण शून्य नाही. म्हणजे माहीत नाही. पण ते वाक्य आत्ताच या माणसानं उच्चारलं होतं, आणि त्याच्या तोंडचं वाक्य ती मेली तरी बोलणार नव्हती.

"युद्ध होणार नाही," भावना म्हणाली.

टाळ्यांचा कडकडाट झाला. सरांनी मान खाली घातली. आता प्रीतम. ती त्यांच्याकडे वळली. नाव अगदी ओठांवर आलं होतं.

तेवढ्यात तिसऱ्या रांगेतून, फोनवर बोलणाऱ्या त्या बाईचा मोकळा, आनंदी आवाज आला :

"नको घाबरू गा, अंकित. तिथंच राय. मॅडम सांगून राहिल्या ना!"