डाव्या गालावरची सावली

"बाकं बघ, नुसती लाकडं! बक्षीस त्याला आणि शिक्षा आपल्या पाठीला," दुसऱ्या रांगेत आनेग्रेट पुटपुटली.

"गप गं. पडद्यावर तूच आहेस," शेजारची गेर्डा म्हणाली.

पडद्यावरची आनेग्रेट तरुण होती. खिडकीशी उभी. उजवा गाल उजेडात, डावा काळोखात. पुढच्या तुकड्यातही तसंच. त्याच्या पुढच्यातही. सिनेमा वेगळा, झगा वेगळा, काळोख तोच.

गेर्डा तेव्हा तिची रंगभूषा करायची. ती वाकून कुजबुजली, "पावडरचा अख्खा डबा थापला तरी निळं उमटायचंच. शेवटी लुडगरच म्हणाला, राहू दे, मी दिवा हलवतो."

"हलवला. आणि त्याचं नाव झालं."

दिवे लागले. म्यूनिकच्या त्या सिनेमाच्या शाळेतल्या पोरापोरींनी बोटांच्या पेरांनी बाकं ठोकली. तिथं टाळ्या अशाच वाजतात. मंचावर छायालेखक लुडगर क्लाप्रोट काठीवर हात ठेवून बसला होता. मागच्या भिंतीवर दिग्दर्शक फोल्कर राबेनाउचा, म्हणजे आनेग्रेटच्या दिवंगत नवऱ्याचा, हसरा फोटो. आज लुडगरला मिळणारं बक्षीस त्याच्याच नावाचं.

"क्लाप्रोटची सावली आम्ही पहिल्याच वर्षी शिकवतो," प्राध्यापकबाई म्हणाल्या. "क्लाप्रोटसाहेब, ही सुचली कुठून?"

लुडगरनं खाली पाहिलं. आनेग्रेट त्याच्याकडेच बघत होती. आज तरी तो खरं बोलेल, असं ती घरून निघताना गेर्डाला म्हणाली होती.

"आमच्या उत्तरेकडची घरं," तो म्हणाला. "खिडक्या एवढ्याशा. माणूस अर्धाच दिसायचा."

मुलाखती देऊन देऊन गुळगुळीत झालेलं उत्तर. बाकं पुन्हा वाजली.

मागून एका मुलीनं हात वर केला. "पण एका सिनेमात खिडकी बाईंच्या डाव्या हाताला आहे. तरी काळोखात डावाच गाल. ते कसं?"

लुडगरनं पाण्याचा पेला उचलला आणि न पिताच खाली ठेवला. पहिल्या रांगेतली जुनी मंडळी आपापले बूट न्याहाळू लागली. त्यातलाच एक निर्माता हसत म्हणाला, "अहो, कलेत सगळ्यालाच कुठं कारण असतं!"

सगळे मोकळे होऊन हसले. लुडगरही हसला.

आनेग्रेट उठली. गेर्डानं तिची बाही धरली. "जाऊ दे गं. तो मेलाय. हा म्हातारा झालाय."

"आणि मी?"

बाही सोडवून घेत ती मागे वळली.

"गाल माझा होता, पोरी. मला विचार," ती म्हणाली. "माझा नवरा उजव्या हातानं मारायचा."