ना हरकत

'प्रभारी' या शब्दाखाली मालिनीबाईंनी पेन्सिलीने रेघ ओढली आणि कागद दीपककडे सरकवला.

"सगळं भांडण या एका शब्दाचं आहे. तुझ्या ना हरकत प्रमाणपत्रावर प्रभारी प्राचार्यांची सही आहे. तक्रार काय, तर प्रभारी माणसाला असं प्रमाणपत्र द्यायचा अधिकारच नाही. आपण दाखवायचं, की आहे."

"पण तसं लिहिलंय का कुठं?"

"शोधायचं. चहा घे आधी."

शनिवार होता. इंदिरानगरातल्या मालिनीबाईंच्या फ्लॅटमध्ये सतरंजीभर कागद पसरले होते. दीपकची बायको पायल स्वयंपाकघरात पोहे परतत होती. सहा वर्षांची इरा जादा झेरॉक्सच्या पाठकोऱ्या बाजूवर हत्ती काढत होती.

दीपक मूळचा सटाण्याचा. पिंपळगाव बसवंतच्या एका कॉलेजात तो वाणिज्य शिकवायचा आणि मालिनीबाई अर्थशास्त्र. नोकरी सांभाळून पीएच.डी. करायची म्हणून त्याने अर्धवेळ प्रवेश मिळवला. महिनाभरात विद्यापीठाकडे कुणीतरी निनावी अर्ज केला. चौकशी बसली, आणि दीपक अपात्र ठरून प्रवेश रद्द झाला. पीएच.डी.शिवाय पुढची बढती नव्हती. तो उच्च न्यायालयात गेला.

तोवर त्याची आणि मालिनीबाईंची ओळख स्टाफरूममधल्या नमस्कारापुरती होती. बाई बावन्न वर्षांच्या, एकट्या. आई गेल्यापासून घरात दुसरं माणूस नव्हतं. पुण्याचा भाऊ भाऊबीजेला फोन करायचा. शनिवारी दुपारी कॉलेजातून परतल्या, की सोमवारी बसमध्ये कंडक्टरकडे तिकीट मागेपर्यंत त्यांना कुणाशी बोलायची वेळ येत नसे. एकदा तर आवाज बसलाय की काय ते पाहायला त्यांनी रविवारी संध्याकाळी मोठ्याने एकोणतीसचा पाढा म्हटला होता.

प्रवेश रद्द झाला त्या दिवशी स्टाफरूममध्ये जो तो दीपकची नजर चुकवत होता. मालिनीबाईच उठून त्याच्यापाशी गेल्या.

"सर, विद्यापीठाचे नियम मला बऱ्यापैकी ठाऊक आहेत. शनिवारी कागद घेऊन घरी या. मिसेसना आणि मुलीलाही आणा."

तेव्हापासून दोन वर्षं एकही शनिवार चुकला नव्हता. 'दीपक सरां'चा दीपक झाला, 'अहो'चं 'अरे' झालं. पायल त्यांना ताई म्हणू लागली. इरा त्यांच्या मांडीवरच झोपून जायची. पायाला मुंग्या आल्या तरी बाई हलत नसत.

"ज्यानं अर्ज केलाय त्याला नियम चांगले पाठ दिसतात," पोह्यांच्या ताटल्या ठेवत पायल म्हणाली.

"खंडेराव सर. दुसरं कोण?" दीपक म्हणाला. "प्रतीक्षा यादीत पहिलं नाव त्यांचंच होतं. समोर लय गोड बोलतात."

"पुरावा नाही, नाव घेऊ नकोस," मालिनीबाई म्हणाल्या. "उगाच कुणाच्या माथी मारायचं नाही."

"तुम्ही फार सरळ आहात, ताई. लोक तसे नसतात."

मालिनीबाईंनी इराच्या ताटलीत शेव वाढली.

पुढच्याच महिन्यात निकाल लागला. दीपकचा मुंबईहून फोन आला, तेव्हा त्याच्या आवाजात रडू होतं.

"मॅडम, जिंकलो! प्रवेश कायम केला. वकिलांच्या हाती एक जुनं परिपत्रक लागलं. प्राचार्यांचे सगळे अधिकार प्रभारीला असतात, असं स्पष्ट लिहिलंय त्यात. आपल्याच कॉलेजच्या फायलीत होतं म्हणे! आपण ती किती वेळा चाळली असेल!"

"हो ना. नजरेतून सुटलं माझ्या," मालिनीबाई म्हणाल्या. "फार चांगलं झालं रे."

शनिवारी तिघं पेढे घेऊन आले. दीपक त्यांच्या पाया पडला. पायलने त्यांना मिठी मारली.

"आता शनिवार-रविवार संशोधन केंद्रात जाणार माझे," दीपक म्हणाला. "दोन वर्षांचं भरून काढायचंय. पण आम्ही येत राहू."

"मालूमावशी, कोर्ट संपलं का आता?" इराने विचारलं.

"संपलं गं."

"मग आम्ही चित्रं कुठं काढायची?"

सगळे हसले. मालिनीबाईही हसल्या.

पुढच्या शनिवारी त्यांनी सवयीने चार माणसांचे पोहे भिजवले. पाच वाजता पायलचा फोन आला. "ताई, यांचं केंद्रात काम निघालं आणि इराला आजपासून नाचाच्या क्लासला घातलंय. पुढच्या शनिवारी नक्की." बाईंनी ते पोहे रविवारी दोन्ही वेळा खाल्ले.

त्याच्या पुढच्या शनिवारी फोन आला नाही. तिसऱ्या शनिवारी त्यांनीच केला. पलीकडे पाहुण्यांचा गलबला होता. "ताई, मी नंतर करते हं," पायल म्हणाली. तो नंतरचा फोन यायचाच राहिला. कॉलेजात दीपक भेटे, पण घाईत असे. "मॅडम, तुमचे उपकार आहेत," एवढं मात्र न चुकता म्हणे.

चौथ्या शनिवारी मालिनीबाईंनी पोहे भिजवले नाहीत. केर काढला, सतरंजी झटकून पुन्हा अंथरली. पाच वाजेपर्यंत दाराकडे बघत बसल्या. मग त्यांनी कोरा कागद समोर घेतला, पेन डाव्या हातात धरलं आणि एकेक अक्षर सावकाश काढत लिहिलं:

'महोदय, सदर उमेदवाराच्या अर्धवेळ प्रवेशाबाबत दोन वर्षांपूर्वी मी पाठवलेल्या निनावी अर्जात एक मुद्दा लिहायचा राहून गेला होता.'