चार दिसांचे पावणे

"आजी, ते वाक्य परत एकदा म्हणा ना," कौस्तुभ म्हणाला. "इथलं आमचं काहीच नाही, ते. तुमच्या मालवणीतच."

दाराआड उभ्या असलेल्या प्रेमलताच्या कपाळावर आठी चढली. सकाळपासून सासूकडून ते वाक्य काढायची ही तिसरी खटपट.

तसं वाक्य नवं नव्हतं. जन्मभर मासे विकलेली ब्याऐंशी वर्षांची तुळसाबाय आतापर्यंत तीनदा टीव्हीवर झळकली होती, आणि तिन्ही वेळा शेवटी म्हणाली होती, "हयसर आमचा काय्येक नाय. आमी चार दिसांचे पावणे." ऐकणाऱ्यांच्या डोळ्यांत टचकन पाणी यायचं. पण आधीच्या मंडळींनी तिला दर्याबद्दल विचारलं, नवऱ्याबद्दल, तिरफळं घातलेल्या बांगड्याच्या आमटीबद्दल विचारलं. हा माहितीपटवाला मात्र एकच धरून बसला होता. इथे कधीपासून राहता? कागद आहे का? हद्द कुठपर्यंत?

गेल्याच आठवड्यात हॉटेल बांधणाऱ्यांची माणसं पांढऱ्या गाडीतून येऊन, टेप लावून अंगण मोजून गेली होती. आज याला सोडायला आलेली गाडी तीच होती. प्रेमलता चार बुकं कमी शिकली असेल, पण पाणी कुठे मुरतंय ते तिला कळत होतं. उद्या हेच वाक्य जागेच्या प्रश्नाचं उत्तर म्हणून कोर्टात ऐकवलं, की डोक्यावरचं छप्पर गेलं.

ती बाहेर आली. "आये, म्हणा नको ता."

"अहो, तीनदा म्हणाल्यात त्या," कौस्तुभ गोड हसला.

"म्हटलंय," तुळसाबाय शांतपणे म्हणाली. "मरताना आपण काय न्हेतलंव, त्येका म्हटलंय. जागेचा इचारतंस तर ऐक." तिने काठी अंगणातल्या माडांकडे केली. "ह्यो उंच माड, हेच्याखाली माझ्या घोवाची नाळ पुरलेली आसा. बाजूचो माझ्या झिलाचो. तेच्यापलीकडचो निकेतचो, माझ्या नातवाचो. ह्या घरात पोर जन्माक इला की आमी नाळ पुरतंव नि वर माड लावतंव."

कौस्तुभने कॅमेरावाल्याकडे बघून मान जराशी हलवली. कॅमेऱ्यावरचा तांबडा दिवा विझला.

तुळसाबायच्या ते ध्यानातही आलं नाही. नवरा, मुलगा, नातू झाल्यावर ती आता दोन्ही लेकींचे माड दाखवत होती, कुठला कुठल्या पावसात लावला ते सांगत होती. कौस्तुभ माना डोलवत होता, अगदी मन लावून ऐकतोय असा.

संशय खरा निघाला म्हणून प्रेमलताला जराही बरं वाटलं नाही. तिने कमरेचा मोबाईल काढला आणि कौस्तुभकडे पाठ करून सासूसमोर उभी राहिली.

"आये, आता हयसर बघ," ती म्हणाली. "पयल्या माडापासून सांग."