उजव्या हातावरचे दाणे

देवीदासने श्वास रोखला. संत्र्याच्या झाडावरून उतरलेली खार त्याच्या हातापासून जेमतेम वीतभरावर येऊन थांबली होती. तळहातावर चार शेंगदाणे होते. खारीने मान तिरकी करून आधी दाण्यांकडे पाहिलं, मग हाताकडे. हात थरथरत होता. एक दाणा घरंगळून ओट्यावर पडला आणि खार सर्रकन झाडावर पोचली.

"नालायक," देवीदास म्हणाला. खारीला म्हणाला की हाताला, ते त्याचं त्यालाच ठाऊक.

एकवीस दिवस रोज सकाळी हेच चाललं होतं. मालगाडीचा गार्ड म्हणून याच हाताने त्याने तीस वर्षं हिरवी झेंडी दाखवली. झेंडी हलली की अख्खी गाडी मुकाट्याने निघायची. आता पेन्शनीत बसल्यावर, गेल्या दिवाळीपासून, हाताला कंप सुटला होता. नागपूरच्या डॉक्टरने दिलेल्या गोळ्यांनी झोप तेवढी छान लागायची. घास तोंडाशी जाईस्तोवर अर्धं वरण सदऱ्यावर सांडे, म्हणून तो हल्ली आतल्या खोलीत भिंतीकडे तोंड करून जेवायचा. बायको, वत्सला, भरवायला आली की ताट सरकवून उठायचा.

आणि उद्या रामाकोन्याला त्याच्या धाकट्या भावाच्या मुलीचं लग्न होतं. पत्रिका खिडकीच्या गजात खोचलेली होती, ११ मे १९८६. निमंत्रकांमध्ये पहिलं नाव त्याचंच. लग्न म्हटलं की पंगत आली आणि पंगतीत सगळा गोतावळा समोर मांडी घालून बसणार. म्हणून देवीदासने एक अजब हिशेब लावला होता. खारीने हातावरचा दाणा उचलला तर हात सुधारला असं समजायचं आणि लग्नाला जायचं. नाहीतर घरीच बसायचं. आज शेवटची सकाळ होती आणि त्या दीडवितीच्या प्राण्याला याचं काही म्हणता काही नव्हतं.

खार पुन्हा खाली आली. दोन पावलं पुढे, एक मागे. आता येणार, एवढ्यात फाटकाबाहेर सायकल थांबली.

"जयभीम, काकाजी," गल्लीतला मधुकर मोठ्याने म्हणाला. "उद्याच्या पहिल्या मोटारीनं निघता ना रामाकोन्याले?"

कोणी जयभीम घातला आणि देवीदासने उत्तर दिलं नाही, असं आजवर झालं नव्हतं.

"जयभीम," तो दात आवळून म्हणाला. खार शेंड्यावर गेली. मधुकर पुढच्या उत्तराची वाट न पाहता पायडल मारत निघून गेला.

वत्सला कधीची दारात उभी होती. "अजी, डाव्या हातानं देऊन पाहा ना. तो त चांगला हाय."

"डाव्या हातानं कोणी कोणाले खाऊ घालते का?"

"खारीले काय समजते डावा का उजवा?"

"मले समजते ना."

वत्सला आत गेली. देवीदासने उजवं कोपर गुडघ्यावर टेकवलं, डाव्या हाताने मनगट आवळून धरलं आणि पापणीही न हलवता बसून राहिला. पाठीला रग लागली. मान अवघडली. खार आली. या वेळी अगदी जवळ आली, तिच्या मिशा त्याच्या बोटाला लागल्या. त्याला इतका आनंद झाला की हात उडालाच. दाणे चहूकडे सांडले आणि खार दिसेनाशी झाली.

देवीदासचा संयम संपला. खिशातले उरलेले सगळे दाणे त्याने मूठ भरून अंगणात भिरकावले. "खा, मर तिकडेच."

खार लगेच उतरली. त्याच्या चपलेजवळ पडलेला दाणा तिने उचलला, तिथेच बसली आणि दोन्ही हातांत धरून, एक कणही न सांडता, खाऊ लागली. देवीदासला रडू फुटायचं तेवढं बाकी राहिलं.

"मी नाई येत लग्नाले," तो दाराकडे न पाहता म्हणाला. "तू जा एकटीच."

वत्सला बाहेर आली ती ताट घेऊन. ताटात वरणात कुस्करलेली भाकर होती. ती ओट्यावर त्याच्या शेजारी बसली, एक घास केला आणि त्याच्या तोंडासमोर धरला.

"अवं, इथं? लोक पाहून राहिले."

रस्त्यावर कोणी नव्हतं. पाहत होती ती एकटी खार.

"पाहू द्या. उद्या पंगतीतबी मी तुमच्या बाजूलेच बसीन. असंच."

देवीदासने तोंड फिरवलं.

"एकवीस दिवस झाले, तुम्ही त्या खारीवर चिडून राहिले," वत्सला म्हणाली. "मी दिवाळीपासून घास धरून हावो. मी कोणावर चिडू?"

तिने हात खाली घेतला नाही. बराच वेळ तसाच धरल्यामुळे तोही आता थरथरायला लागला आणि वरणाचा एक थेंब तिच्या पातळावर पडला.

देवीदासने मान तिरकी करून आधी घासाकडे पाहिलं, मग हाताकडे.