लवकर काढ

"काढ रे बाबा, लवकर काढ!"

म्हातारीने त्याचा दंड धरून त्याला ढिगाऱ्याकडे ओढलं. बॉम्बने तिच्या घराची भिंत आडवी झाली होती. विटांच्या फटीतून एक चिमुकला हात बाहेर आला होता. बोटं हलत होती.

फोटोग्राफरने कॅमेरा डोळ्याला लावला. त्याला तरी दोष काय द्यायचा? सकाळपासून गल्लोगल्ली लोक फोटोसाठी त्याची बाही ओढत होते. "साहेब, आमच्या घराचाही काढा." "इकडेही एक काढा, जगाला कळू दे." 'काढा' म्हटलं की बोट आपोआप बटणावर जात होतं. त्यात त्याचे संपादकसाहेब. लढाई त्यांनी फक्त पडद्यावर पाहिलेली, पण फोटो पारखण्यात त्यांचा हात कोणी धरला नसता. त्यांचं एकच पालुपद असायचं, "फोटो जिवंत पाहिजे."

हा जिवंत होता. धूळ, ऊन आणि वीट घट्ट धरू पाहणारी बोटं. तो गुडघ्यांवर बसला, पुढे सरकला, ऊन बोटांवर यावं म्हणून थांबला आणि बटण दाबत राहिला. म्हातारीचं मागून चालूच होतं, "काढ, काढ!"

"काढतोय ना, आजी. जरा दम धरा."

तिने कॅमेऱ्यावर हातच मारला. "अरे मेल्या, फोटो नाही! माझ्या नातवाला काढ! या हातांत बळ असतं तर तुला कशाला विनवलं असतं?"

कॅमेरा गळ्यात तसाच लोंबकळत राहिला आणि तो दोन्ही हातांनी विटा उपसू लागला. नखं तुटली, बोटं सोलवटली. स्वतःची इतकी लाज त्याला कधी वाटली नव्हती. अखेर पोरगा हाती लागला. त्याने त्याला आजीच्या मांडीवर ठेवलं, हाका मारल्या, गाल थोपटले, छातीला कान लावला. आत काहीच नव्हतं. आजीने नातवाचे डोळे मिटले.

फोन वाजला. साहेबच होते.

"काय रे, काही काढलंस की नाही?"

"काढलं."

"जिवंत आहे ना?"

त्याने म्हातारीकडे पाहिलं. ती पोराच्या केसांतली माती हळूहळू झटकत होती.

"फोटोत आहे, साहेब."