केरूबाबाचं राहिलेलं काम

"आता घरी न्या," असं डॉक्टर योगिनीला म्हणाले. इतकी वर्षं नाशिकच्या कोर्टात वकिली, वर दुसऱ्यांदा आमदारकी; कोणत्या बोलण्याआड काय असतं हे तिला वेगळं सांगावं लागत नसे. पण हे बोलणं तिच्या बापाबद्दल होतं.

खाटेवरून केरूबाबा म्हणाला, "पोरी, एकच काम राह्यलं हाय. अंगणात मांडव पडू दे. लगीन लागलं का मी मोकळा."

"रविवारी लावू," योगिनी म्हणाली.

उशाशी बसलेली आई, साळूबाई, पदर तोंडाला लावून खिडकीकडे बघत राहिली.

दाराशी उभ्या असलेल्या शेखरला मात्र आनंद लपवता येईना. तो योगिनीचा ज्युनिअर, ओझरच्या कॉलनीत वाढलेला. चाळिशी उलटली तरी ताई लग्नाचा विषय काढू देत नसत, आणि आज एका वाक्यात होकार! जिन्यातच त्याने मुलगा कोण म्हणून विचारलं.

"आमच्याच पाड्यावरचा," ती म्हणाली. विचारलं तेवढंच सांगायचं, ही तिची कोर्टातली सवय.

"करतात काय?"

"द्राक्षाच्या बागांत मजुरी करायचा. माणूस फार चांगला आहे."

दोन पायऱ्या उतरल्यावर शेखरच्या मनात आलं, आमदार आणि मजूर! मग त्याला स्वतःचीच लाज वाटली. ताई अशाच होत्या. पेठकडच्या एका विधवेला सासरच्यांनी 'लग्नच लागलं नव्हतं' म्हणून जमिनीतून हाकललं, तेव्हा तिची केस ताईंनीच लढवली होती. आमच्या वारल्यांत आधी संसार मांडतात आणि गावाला जेवू घालणं जमेल तेव्हा लग्न लावतात, त्यात कसला कमीपणा नाही, असं त्यांनी भर कोर्टात सांगितलं होतं. काही वकील हसले होते. केस ताई जिंकल्या, आणि पुढे त्याच डोंगरातल्या बायकांनी त्यांना विधानसभेत पाठवलं.

खरेदीला शेखरच गाडी घेऊन गेला. तो भरजरी शालू पुढे करत होता आणि योगिनी ते बाजूला सारत होती. शेवटी तिने साधं पिवळं लुगडं घेतलं. जड झेपायचं नाही, एवढंच म्हणाली. बांगड्या तर हातात घालूनही पाहिल्या नाहीत. बाप अंथरुणावर असताना नटण्याची कसली हौस, असं शेखरला वाटलं आणि त्याचा जीव कळवळला.

फलक लावायचे नाहीत, पेपरवाल्यांना कळवायचं नाही, अशी तिची ताकीद होती. अधिवेशन चालू होतं, तरी ती मुंबईला गेली नाही. शनिवारी केरूबाबाने पेजसुद्धा घेतली नाही. साळूबाईने वाटी तीनदा ओठांना लावली आणि तीनदा खाली ठेवली. बाबा उद्यापर्यंत राहतील ना, हे योगिनी कोणाला विचारू शकत नव्हती. नाडीवर बोटं ठेवून ती नुसती बसून राहिली.

रविवारी मांडव पडला. सगळा पाडा जेवायला आला होता. लग्न लावणारी धवलेरी गाणी म्हणत होती. केरूबाबाला उचलून खुर्चीवर बसवलं, तेव्हा त्याने डोळे उघडून मांडवाकडे पाहिलं. योगिनीला हुंदका आला; तो तिने आवरला नाही.

शेखर नवा शर्ट घालून नवरदेवाला शोधत फिरत होता. योगिनी रोजच्याच सुती साडीत दिसली तेव्हा तो घाबरला.

"ताई, मुहूर्त होत आला. नवरदेव कुठं आहेत?"

"आलेत," ती म्हणाली आणि घरात गेली.

ती बाहेर आली तेव्हा पिवळं लुगडं नेसलेली साळूबाई मान खाली घालून तिच्यासोबत चालत होती. गर्दीने वाट दिली. योगिनीने आईचा हात बाबाच्या हातात दिला.